मृत्युपत्राचा वाद : पुराव्याचे कागद मिळवायचे कसे?

मृत्युपत्र खरे की खोटे, याचा निवाडा न्यायालय साक्षीदारांच्या जबानीवरून आणि कागदपत्रांवरून करते. परंतु आवश्यक ते कागद बहुधा दुसऱ्याच्याच ताब्यात असतात. ते मिळविण्यासाठी कायद्याने कोणते मार्ग उपलब्ध करून दिले आहेत आणि त्यांचा वापर वेळेत होणे का महत्त्वाचे आहे, याचा हा आढावा.

मृत्युपत्र हा इतर दस्तऐवजांपेक्षा वेगळा दस्तऐवज होय. खरेदीखत, गहाणखत किंवा भाडेकरार यांविषयी वाद निर्माण झाल्यास तो करून देणारी व्यक्ती न्यायालयात उभी राहून आपले म्हणणे मांडू शकते. मृत्युपत्र मात्र करणाऱ्याच्या मृत्यूनंतरच अमलात येते. ‘ही सही माझीच’ किंवा ‘हे मी लिहून दिलेले नाही’ असे सांगणारा त्या वेळी हयात नसतो. त्याच्या वतीने बोलतात ते साक्षीदार आणि मागे राहिलेले कागद.

या प्रश्नाला सामाजिक बाजूही आहे. हिंदू उत्तराधिकार अधिनियमातील दुरुस्तीने ९ सप्टेंबर २००५ पासून मुलींना एकत्र कुटुंबाच्या सहदायिकी मालमत्तेत मुलाइतकाच जन्मसिद्ध हक्क मिळाला. तथापि, कोणाही व्यक्तीला आपल्या वाट्याचे आणि स्वकष्टार्जित मालमत्तेचे मृत्युपत्र करता येते. खऱ्या मृत्युपत्राने एखाद्या मुलीस किंवा विधवेस वगळले असेल, तर कायदा मृताच्या इच्छेचा मान राखतो. पण खोट्या किंवा दडपणाखाली करून घेतलेल्या मृत्युपत्राने तिचा हक्क डावलला जात असेल, तर ते दाखविण्याचे साधन म्हणजे पुरावा. घरातील कपाटाच्या किल्ल्या ज्याच्या हाती, त्याच्याच हाती कागदही असतात. म्हणूनच दुसऱ्याच्या ताब्यातील दस्तऐवज मिळविण्याची प्रक्रिया ही केवळ वकिलांच्या माहितीची बाब राहत नाही.

विवेचनाच्या सोयीसाठी एक काल्पनिक उदाहरण घेऊ. नागपूरमधील एका निवृत्त शिक्षकाचे निधन झाले. पत्नी आधीच वारली होती. मुलगा वडिलांजवळ राहत होता; मुलगी विवाहानंतर इंदूरला स्थायिक झाली. निधनानंतर आठ महिन्यांनी मुलाने एक मृत्युपत्र पुढे केले. त्यानुसार शहरातील घर, गावाकडील शेती आणि बँकेतील ठेवी त्यालाच मिळणार होत्या. मृत्युपत्रावरील तारीख वडील रुग्णालयात असतानाची होती. मुलीच्या मनात शंका आली. आता तिने काय करावे?

काय सिद्ध करावयाचे?

कागद गोळा करण्यापूर्वी वादाचा नेमका प्रश्न निश्चित झाला पाहिजे. भारतीय उत्तराधिकार अधिनियम, १९२५ च्या कलम ५९ नुसार मृत्युपत्र करणारी व्यक्ती सज्ञान आणि शुद्ध मनाची असावी लागते. कलम ६३ नुसार मृत्युपत्रावर त्या व्यक्तीची सही किंवा अंगठा आणि किमान दोन साक्षीदारांचे साक्षांकन आवश्यक असते. प्रत्येक साक्षीदाराने मृत्युपत्र करणाऱ्यास सही करताना पाहिलेले असावे किंवा ‘ही सही माझी आहे’ अशी कबुली प्रत्यक्ष त्याच्याकडून ऐकलेली असावी, आणि नंतर त्याच्यासमक्ष स्वतः सही केलेली असावी. दोन्ही साक्षीदार एकाच वेळी हजर असण्याचे बंधन मात्र नाही.

मृत्युपत्र सिद्ध करण्याची जबाबदारी ते पुढे करणाऱ्यावर असते. त्यासाठी हयात आणि उपलब्ध असलेल्या साक्षीदारांपैकी किमान एकाची साक्ष नोंदवावीच लागते. मृत्युपत्र नोंदणीकृत असले तरी या अटीतून सुटका नाही. साक्षीदार मरण पावले असतील किंवा सापडत नसतील, तर त्यांपैकी एकाचे हस्ताक्षर आणि मृत्युपत्र करणाऱ्याची सही सिद्ध करावी लागते. सर्वोच्च न्यायालयाने १९५८ मध्ये न्यायमूर्ती प्र. बा. गजेंद्रगडकर यांनी लिहिलेल्या निकालपत्रात या विषयाची चौकट आखून दिली. सही थरथरती किंवा संशयास्पद असणे, मृत्युपत्र करणाऱ्याची मनःस्थिती दुर्बल असणे, निकटच्या वारसांना कारणाशिवाय वगळलेले असणे, लाभ घेणाऱ्यानेच मृत्युपत्र करण्यात पुढाकार घेतलेला असणे, अशा संशयास्पद बाबी आढळल्यास त्यांचे निरसन करण्याची जबाबदारी मृत्युपत्र पुढे करणाऱ्याचीच असते. मात्र फसवणूक, जबरदस्ती किंवा गैरवाजवी दडपण यांचा आरोप करणाऱ्याने तो आरोप स्वतः सिद्ध करावयाचा असतो.

यावरून कोणते कागद उपयोगी, हे ठरते. सहीचा प्रश्न असेल तर त्याच काळातील निर्विवाद सह्या हव्यात. मनःस्थितीचा प्रश्न असेल तर वैद्यकीय कागद हवेत. दडपणाचा आरोप असेल तर बँकेचे व्यवहार, पत्रव्यवहार आणि पूर्वीची मृत्युपत्रे महत्त्वाची ठरतात. प्रोबेटच्या कार्यवाहीत न्यायालय केवळ मृत्युपत्राच्या खरेपणाचा विचार करते, मालमत्तेच्या मालकीचा निर्णय देत नाही. तेथे मालकीहक्काच्या कागदांचे गठ्ठे सादर करून फारसा लाभ होत नाही.

सर्वांना एकच कायदा लागू आहे असे मात्र नाही. कलम ६३ मुस्लिम व्यक्तींच्या मृत्युपत्रास लागू नाही. गोव्यात २०१२ च्या स्वतंत्र उत्तराधिकार कायद्यानुसार मृत्युपत्रे विशेष नोटरीपुढे केली जातात आणि सक्तीचे वारस असल्यास निम्म्या मालमत्तेचीच विल्हेवाट मृत्युपत्राने लावता येते. उत्तराखंडात जानेवारी २०२५ पासून समान नागरी संहितेतील तरतुदी लागू आहेत. मुंबई, कोलकाता व चेन्नई येथील काही मृत्युपत्रांसाठी प्रोबेट सक्तीचे करणारे कलम २१३ संसदेने डिसेंबर २०२५ मध्ये वगळले. स्वेच्छेने प्रोबेट घेण्याचा मार्ग मात्र खुला आहे.

नोंदणी कार्यालयातील कागद

पहिला शोध नोंदणी कार्यालयात घ्यावा. मृत्युपत्राची नोंदणी ऐच्छिक आहे आणि त्यास मुद्रांक शुल्क लागत नाही. नोंदलेली मृत्युपत्रे ‘पुस्तक क्रमांक ३’ मध्ये उतरविली जातात. नोंदणी अधिनियम, १९०८ च्या कलम ५७ नुसार मृत्युपत्र करणारी व्यक्ती हयात असेपर्यंत त्याची नक्कल तिला किंवा तिच्या प्रतिनिधीलाच मिळते. तिच्या मृत्यूनंतर मात्र अर्ज करणाऱ्या कोणाही व्यक्तीस नक्कल देण्याची तरतूद आहे. या पुस्तकातील शोध नोंदणी अधिकारी स्वतः घेतो. अर्जासोबत मृत्यूचा दाखला जोडावा आणि नाव, पत्ता व संभाव्य वर्षे नमूद करावीत.

या शोधाचा हेतू दुहेरी असतो. पुढे केलेले मृत्युपत्र नोंदलेले असेल, तर नोंदणीच्या वेळचे शेरे, छायाचित्र, अंगठ्याचे ठसे आणि नोंदणी कार्यालयात झाली की घरी, ही माहिती उपलब्ध होते. ते नोंदलेले नसेल, तरी एखादे पूर्वीचे नोंदणीकृत मृत्युपत्र हाती लागू शकते. उदाहरणातील शिक्षकाने पाच वर्षांपूर्वी दोन्ही अपत्यांना समान वाटा देणारे मृत्युपत्र नोंदविले असेल, तर अखेरच्या आजारपणात त्याचे मत का बदलले, याचे समाधानकारक उत्तर मुलाला द्यावे लागेल.

मृत्युपत्र बंद पाकिटात जिल्हा निबंधकाकडे ठेवण्याचीही सोय आहे. ठेवणाऱ्याच्या मृत्यूनंतर अर्ज केल्यास निबंधक अर्जदारासमक्ष पाकीट उघडतो, अर्जदाराच्या खर्चाने मजकूर पुस्तक क्रमांक ३ मध्ये उतरवून घेतो आणि मूळ मृत्युपत्र पुन्हा सुरक्षित ठेवतो. या सोयीची माहिती फार थोड्या कुटुंबांना असते.

प्रतिपक्षाच्या ताब्यातील कागद

मूळ मृत्युपत्र भावाच्या कपाटात असेल, तर ते बाहेर काढण्याचे मार्ग दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मध्ये आहेत. वादीने दाव्यासोबत आणि प्रतिवादीने लेखी कैफियतीसोबत आपल्या आधाराचे दस्तऐवज सादर करावयाचे असतात. उशिरा सादर करावयाचे असल्यास न्यायालयाची अनुमती लागते.

प्रतिपक्ष एखादा कागद दडवीत असल्याचा संशय असेल, तर आदेश ११ उपयोगी पडतो. नियम १२ नुसार प्रतिपक्षाने आपल्या ताब्यातील संबंधित दस्तऐवजांची यादी शपथेवर जाहीर करावी, असा आदेश मागता येतो. नियम १४ नुसार ते हजर करण्याचा आणि नियम १५ नुसार प्रतिपक्षाच्या कथनात उल्लेख आलेल्या कागदांची पाहणी करून नक्कल घेण्याचा मार्ग आहे. आदेश न पाळणाऱ्या वादीचा दावा निकाली निघू शकतो, तर प्रतिवादीचा बचाव रद्द होऊ शकतो. हाती असलेला उत्तम पुरावा रोखून धरणाऱ्याविरुद्ध न्यायालय प्रतिकूल अनुमानही काढू शकते.

प्रोबेटच्या प्रकरणातही दिवाणी प्रक्रिया संहिता शक्य तेथवर लागू होते. शिवाय उत्तराधिकार अधिनियमाच्या कलम २६७ नुसार जिल्हा न्यायाधीश मृत्युपत्राच्या स्वरूपाचा कोणताही कागद ज्याच्या ताब्यात असल्याचे दिसते, त्याला तो न्यायालयात आणून देण्याचा आदेश करू शकतात. ‘मृत्युपत्र आहे म्हणतात, पण दाखवीत नाहीत’ या नेहमीच्या तक्रारीवर हा थेट उपाय आहे.

रुग्णालय, बँक आणि महसूल कार्यालय

निर्णायक कागद पुष्कळदा त्रयस्थांकडे असतात. त्यांत सर्वांत नाशवंत म्हणजे वैद्यकीय कागद. वैद्यक व्यवसायाच्या २००२ च्या आचारसंहितेनुसार आंतररुग्णांचे अभिलेख उपचार सुरू झाल्यापासून तीन वर्षे जतन करणे बंधनकारक आहे. रुग्ण, त्याचा अधिकृत प्रतिनिधी किंवा कायदेशीर यंत्रणा यांनी मागणी केल्यास ते ७२ तासांत द्यावयाचे असतात. त्यानंतरच्या वर्षांत ते कागद उपलब्ध असतीलच याची शाश्वती नाही. दिवाणी दावा मात्र तीन वर्षांत साक्षीपुराव्यापर्यंतही पोहोचत नाही, असे अनेकदा घडते. म्हणून मुलीने वाद उद्भवताच रुग्णालयास लेखी पत्र देऊन नकलांची मागणी करावी, अभिलेख नष्ट न करण्याची विनंती करावी आणि पत्राची पोच जपून ठेवावी. दावा दाखल होताच ते कागद मागविण्याचा अर्जही करावा. परिचारिकांच्या नोंदी, दिलेली औषधे व त्यांच्या वेळा, रुग्ण शुद्धीवर होता किंवा कसे याचे शेरे या तपशिलांना मोल असते. अर्थात, केवळ आजारपणावरून मन अशुद्ध होते, असे सिद्ध होत नाही. त्या दिवशी, त्या वेळी रुग्णास आपण काय करीत आहोत याचे भान होते काय, हा प्रश्न असतो.

त्रयस्थाकडून कागद आणविण्यासाठी आदेश १६ खाली समन्स काढता येते. साक्ष देण्यासाठी न बोलावता केवळ दस्तऐवज हजर करण्यासाठीही ते काढता येते. तो दुसऱ्याकरवी पाठविला तरी समन्सचे पालन होते. वादप्रश्न निश्चित झाल्यापासून १५ दिवसांच्या आत साक्षीदारांची यादी द्यावयाची असते. दुसऱ्या न्यायालयाच्या अभिलेखातील कागद आदेश १३, नियम १० खाली मागविता येतात. प्रमाणित नक्कल मिळण्यास अवाजवी विलंब वा खर्च का होईल, हे शपथपत्रात सांगावे लागते. ‘सर्व कागद मागवावेत’ अशी मोघम मागणी मान्य होत नाही. कोणता कागद, कोणत्या काळातील, कोणाच्या ताब्यातील आणि कोणत्या वादप्रश्नासाठी, या चार गोष्टी अर्जात स्पष्ट असाव्यात.

बँकेच्या नोंदींसाठी १८९१ चा बँक पुस्तकांच्या पुराव्याविषयीचा कायदा आजही लागू आहे. त्यानुसार बँकेने रीतसर प्रमाणित केलेली खातेउताऱ्याची प्रत पुराव्यात ग्राह्य धरली जाते. बँक दाव्यात पक्षकार नसेल, तर विशेष कारणासाठी न्यायालयाचा आदेश असल्याशिवाय मूळ पुस्तके हजर करण्याची सक्ती अधिकाऱ्यावर करता येत नाही. नमुना स्वाक्षरीपत्र, धनादेश आणि पैसे काढण्याच्या पावत्या यांवरील सह्या तुलनेसाठी उपयुक्त असतात. साक्षीदार मरण पावला असल्यास त्याच्या सहीसाठीही हाच मार्ग अवलंबिता येतो.

महसुली कागदांबाबत एक गैरसमज सर्वत्र आढळतो. महाराष्ट्रातील सात-बारा व फेरफार, पंजाब-हरियाणातील जमाबंदी व इंतकाल, उत्तर प्रदेशातील खतौनी या नोंदी प्रामुख्याने महसूल वसुलीसाठी असतात. मृत्युपत्राच्या आधारे फेरफार मंजूर झाला, म्हणून मृत्युपत्र खरे ठरत नाही. तरीही फेरफाराचा अर्ज, त्यासोबतची प्रत आणि त्या वेळी दिलेले जबाब यांच्या प्रमाणित नकला अवश्य घ्याव्यात. न्यायालयातील मृत्युपत्र आणि तलाठ्याकडे दिलेली प्रत यांत तफावत आढळल्यास ती बोलकी ठरते.

माहितीचा अधिकार अधिनियम, २००५ चा उपयोग मर्यादित आहे. कार्यालयीन कार्यवाहीची माहिती त्याखाली मिळू शकते. परंतु मृताची सेवापुस्तिका, निवृत्तिवेतनाचे कागद किंवा प्राप्तिकर विवरणपत्रे ही वैयक्तिक माहिती मानली जाते. नोव्हेंबर २०२५ पासून अमलात आलेल्या दुरुस्तीने वैयक्तिक माहितीस असलेले संरक्षण अधिक व्यापक झाले आहे. अशा कागदांसाठी समन्सचाच मार्ग भरवशाचा होय.

मूळ प्रत, नक्कल आणि इलेक्ट्रॉनिक पुरावा

कागद मिळणे आणि तो पुराव्यात वाचला जाणे, या दोन भिन्न गोष्टी आहेत. १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ अमलात आला. त्यापूर्वीच प्रलंबित असलेल्या कार्यवाहींना १८७२ चा जुना कायदा लागू राहतो. दोन्ही कायद्यांचे मूलतत्त्व एकच आहे : दस्तऐवज मूळ प्रतीने सिद्ध करावा. मूळ प्रत हरवली, नष्ट झाली किंवा प्रतिपक्ष नोटीस देऊनही हजर करीत नाही, असे दाखविल्यावरच दुय्यम पुरावा देता येतो. नोटीस न देता थेट छायाप्रत सादर केल्यास ती नाकारली जाण्याचा धोका असतो.

तीस वर्षांहून जुना दस्तऐवज योग्य ताब्यातून आल्यास न्यायालय त्यावरील सह्या खऱ्या असल्याचे गृहीत धरू शकते. हे गृहीतक मृत्युपत्रास लागू नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये आणि पुन्हा २०२३ मध्ये स्पष्ट केले आहे.

भ्रमणध्वनीवरील संदेश, चित्रफीत, संगणकीय नोंदी यांच्यासोबत नव्या कायद्याच्या कलम ६३ नुसार दोन भागांचे प्रमाणपत्र द्यावे लागते. एक भाग पक्षकाराने आणि दुसरा तज्ज्ञाने भरावयाचा असतो. जालना येथील निवडणूक विवादात सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये जुन्या कायद्याखालील असे प्रमाणपत्र अनिवार्य ठरविले. संबंधित व्यक्ती ते देण्यास नकार देत असल्यास न्यायालयाकडे आदेश मागता येतो, हेही त्याच निकालाने स्पष्ट केले.

सहीच्या तपासणीसाठी आदेश २६, नियम १०अ खाली तज्ज्ञाची नेमणूक होऊ शकते. लेखणीचा दाब, रेषेचा ओघ, मध्येच उचललेली लेखणी या बाबी मूळ कागदावरच नीट दिसतात. छायाप्रतीवरील अभिप्राय त्यामुळे दुबळा ठरतो. तुलनेच्या सह्या निर्विवाद आणि शक्यतो त्याच सुमाराच्या असाव्यात. तरुणपणीची ठसठशीत सही आणि आजारपणातील थरथरती सही यांतील फरक एवढ्यावरून बनावटपणा सिद्ध होत नाही. तज्ज्ञाचे मत हा पूरक पुरावा आहे. साक्षांकन करणाऱ्या साक्षीदाराच्या साक्षीची जागा तो घेऊ शकत नाही.

पुढील दिशा

उदाहरणातील मुलीने नोंदणी कार्यालयात शोध घेतला, रुग्णालयास वेळेत पत्र दिले, मूळ मृत्युपत्र हजर करण्याचा आदेश मिळविला आणि बँकेतील नमुना स्वाक्षरी मागविली, तर निकाल तिच्या बाजूनेच लागेल असे नाही. कदाचित वडिलांनी ते मृत्युपत्र पूर्ण शुद्धीत केल्याचेच या कागदांवरून दिसून येईल. परंतु दोन्ही बाबतींत निर्णय वस्तुस्थितीवर आधारलेला असेल. कागद न मागितल्यामुळे झालेला पराभव मात्र न्यायाच्या दृष्टीने कोणाच्याच हिताचा नसतो.

खर्चाच्या भीतीने मागे राहणाऱ्यांसाठी विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ आहे. त्याच्या कलम १२ नुसार स्त्रिया, बालके, अनुसूचित जाती व जमातींच्या व्यक्ती यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत विधी सेवा मिळू शकते. जिल्हा न्यायालयातील विधी सेवा प्राधिकरणाकडे त्यासाठी अर्ज करता येतो.

व्यवस्थेतही सुधारणा होत आहे. २००८ मध्ये सुरू झालेल्या भूमी अभिलेख आधुनिकीकरण कार्यक्रमामुळे अनेक राज्यांत उतारे संगणकावर आले. न्यायालयांच्या संगणकीकरणाच्या तिसऱ्या टप्प्यासाठी केंद्र सरकारने २०२३ मध्ये ७,२१० कोटी रुपयांची तरतूद मंजूर केली. नोंदणी कायद्याच्या जागी नवा कायदा आणण्याच्या दृष्टीने मे २०२५ मध्ये विधेयकाचा मसुदा जनतेच्या सूचनांसाठी प्रसिद्ध करण्यात आला. तथापि, एक उणीव जुनीच आहे. प्रोबेट मिळालेली मूळ मृत्युपत्रे ‘सार्वजनिक मृत्युपत्र नोंदणी कार्यालय स्थापन होईपर्यंत’ न्यायालयाने जतन करावीत, असे १९२५ च्या अधिनियमाचे कलम २९४ सांगते. शंभर वर्षे उलटली, तरी देशभरातील मृत्युपत्रांचा शोध एका ठिकाणी घेता येईल अशी सार्वजनिक नोंदवही अस्तित्वात आलेली नाही. नागपुरात राहणाऱ्या व्यक्तीने मृत्युपत्र हैदराबादेत नोंदविले, तर तिच्या वारसांना ते कळण्याचा खात्रीचा मार्ग आज नाही. कायद्याने शतकापूर्वी गृहीत धरलेली ही व्यवस्था प्रत्यक्षात येईपर्यंत प्रत्येक कुटुंबाने दोन गोष्टी कराव्यात : मृत्युपत्र करणाऱ्याने ते कोठे ठेवले आहे हे विश्वासातील एकाहून अधिक व्यक्तींना सांगून ठेवावे, आणि वाद उद्भवल्यास वारसांनी कागदांची मागणी पहिल्याच महिन्यात, लेखी आणि नेमकी करावी.